पालक सभेत मोबाईलबद्दल बोलायचंय, पण "काढून घ्या" सोडून काय सांगू?

खडूफळा (जिंतूर तालुका)

नमस्कार मंडळी. माध्यमिक शाळेवर आहे, आठवी ते दहावी माझ्याकडं. पुढच्या रविवारी पालक सभा ठेवलीय आणि 'मुलं आणि मोबाईल' हा विषय हेडसरांनी माझ्या गळ्यात मारलाय. दरवर्षी हाच विषय असतो. कुणीतरी पाहुणे येतात, मोबाईलनं पिढी कशी वाया चालली ते अर्धा तास सांगतात, पालक माना डोलवतात, चहा होतो, आणि पाहुणे बोलत असतानाच मागच्या दोन रांगा रील बघत बसलेल्या असतात. ते मला करायचं नाही.

आमच्याकडं पालक शाळेत येतात ते एकच वाक्य घेऊन, "सर तुम्ही हाणा त्याला, आमचं काही म्हणणं नाही, पण मोबाईलचं तेवढं खूळ काढा." आता हाणायला बंदी आहे ते सोडा, हाणून हे खूळ निघत नाही हे रोज दिसतं. फोन काढून घेतला की पोरगं मित्राच्या शेतातल्या आखाड्यावर जाऊन बसतं, नाहीतर रात्री बाप झोपला की उशाखालचा फोन हळूच ओढतं. नववीतल्या एकानं तर आजीच्या फोनला स्वतःचं बोट लावून ठेवलंय, आजीला वाटतं हे कुलूप फक्त माझ्याच बोटानं निघतं.

आणि पूर्ण काढून घेणार तरी कसा, अभ्यास आम्हीच व्हाट्सअपवर टाकतो. 'असर' म्हणून शाळकरी मुलांच्या शिक्षणाची पाहणी असते, तिचा २०२४ चा ग्रामीण भारताचा अहवाल आहे, त्यात १४ ते १६ वयाच्या जवळपास ९० टक्के मुलांच्या घरात स्मार्टफोन आहे, आणि ज्यांना तो वापरता येतो त्यातल्या ५७ टक्क्यांनी आधीच्या आठवड्यात अभ्यासासाठी वापरला होता, ७६ टक्क्यांनी सोशल मीडियासाठी. दप्तर पण तेच आणि जत्रा पण तीच, मग दप्तर काढून घ्या असं कसं सांगू.

माझे पालक कोण ते सांगतो म्हणजे तुम्हाला अंदाज येईल. कापूस-सोयाबीनवाले, काही गवंडीकाम, काही दिवाळीनंतर ऊसतोडीला जाणारे. घरात फोन एक नाहीतर दोन. झोपायला एकच खोली, त्यामुळं "मुलांच्या बेडरूममध्ये फोन नको" असलं शहरातलं ज्ञान इथं हसण्यावारी जातं. घरी गेल्यावर त्याच रात्री करता येईल असं काहीतरी पाहिजे. तुमच्या घरात खरंच चाललेलं सांगा, फॉरवर्ड आलेलं नको.

उदगिरी_ठेचा

सर आधी सभेच्या दारात पालकांचेच फोन जमा करा. निम्मे तिथूनच माघारी जातील. पण जे आत येतील ते कामाचे.

परभणीची_सूनबाई

माझा मुलगा नववीला आहे आणि मिस्टरांचं किराणा दुकान आहे, आमच्या घरात जे चालतं ते सांगते, बाकी कुणाला जमेल नाही जमेल माहीत नाही.

आमच्याकडं देव्हाऱ्याच्या बाजूला जो बोर्ड आहे तिथं रात्री साडेनऊला सगळ्यांचे फोन चार्जिंगला लागतात. सगळ्यांचे म्हणजे सगळ्यांचे. पोराला पटवायला काही वेळ लागला नाही हो, खरा वेळ लागला मिस्टरांना. त्यांचं म्हणणं दुकानाच्या ऑर्डरी रात्रीच येतात. पोरगं लगेच म्हणालं मग माझी पण ऑर्डर रात्रीच येते. आता यावर काय बोलणार! शेवटी असं ठरलं की दुकानाचा फोन वाजला तर बोर्डापाशी उभं राहून बोलायचं, घेऊन गादीवर यायचं नाही. उभं राहून कोण किती वेळ बघतं, आपोआप पाच मिनिटात माणूस खाली ठेवतो. सर एकच खोली असली तरी हे चालतं, खोलीचा प्रश्नच येत नाही, उशाला फोन नको एवढंच.

दुसरं म्हणजे गेम. तो बीजीएमआय खेळतो. मी आधी जेवायला हाका मारायचे आणि तो "आलो आलो" करत बसायचा आणि रोज तमाशा. मग एकदा त्याच्या शेजारी बसूनच बघितलं काय चाललंय ते. चौघांची टीम असते, एक मॅच पंचवीस-तीस मिनिटं चालते आणि मधूनच उठलं की बाकी तिघं अडकतात आणि पॉइंट पण जातात. त्याच्या टीममध्ये नांदेडचा मावसभाऊ निघाला आणि मानवतला बदलून गेलेल्या सरांचा मुलगा, जो सातवीपर्यंत याच्याच बाकावर बसायचा. एवढ्याशा गोष्टीवरून मी त्याला भूत लागल्यासारखं ओरडायचे. आता भाकरी टाकायच्या आधी विचारते, किती राहिली? तो म्हणतो दहा मिनिटं. तेवढ्यात माझा ठेचा होतो. नवी मॅच लावायची नाही, चालू आहे ती तोडायची नाही, एवढंच ठरलंय.

वेळ किती यावर घासाघीस झाली. तो दोन तास म्हणाला, मी पाऊण तास, अडत्यासारखं करत करत सव्वा तासावर आलो, रविवारी जास्त. जास्त झालं तर दुसऱ्या दिवशी तेवढंच कमी. सगळं गोड चालतं असं नाही, सहामाहीच्या टायमाला पार बोंबललं होतं, दिवाळीनंतर परत बसलं.

खडूफळा

ताई, उभं राहून बोलायचं हे भारी आहे, हे सांगणारच. पण दुसऱ्या दिवशी वेळ कापायची म्हणजे शिक्षाच झाली की.

परभणीची_सूनबाई

असेल बुवा. पण ते कलम त्यानंच सांगितलंय आणि बापाला पण लागू आहे. आणि मुख्य म्हणजे भांडण चालू असताना नाही ठरवलं, रविवारी दुपारी जेवणं झाल्यावर ठरवलं. मागं फोन काढून घ्यायचो तेव्हा परत कधी मिळणार ते त्याला पण माहीत नसायचं आणि आम्हाला पण, राग उतरला की मिळायचा. आता हिशोब त्याला आधीच माहीत असतो.

गंगथडीचे_आबा

मास्तर राग मानू नका. दोन फटक्यात काम होतंय ते तुम्ही लोक एवढं चिवडत बसलात. आम्ही वडिलांच्या नुसत्या खाकरण्याला भ्यायचो. आता बाप पोराला विचारणार, बाळा किती मॅच राहिली? लाड आहेत नुसते. मोबाईल आणून कोण देतंय, तुम्हीच ना? मग घ्या माघारी.

एक मात्र बोलतो. आमच्या गावात तालीम होती, नदीला पाणी होतं, संध्याकाळी कबड्डी व्हायची. तालमीच्या जागी आता गाळे झाले, नदी आटली. पोरांनी जावं कुठं हे पण सभेत विचारा.

उदगिरी_ठेचा

आबा हे तुम्ही फोनवरूनच टाइप केलं ना?

गंगथडीचे_आबा

नातवानं केलंय. मी बोललो त्यानं लिहिलं. "लाड" शब्द खोडत होता, मीच ठेवायला लावला.

सेलूचा_मोबाईलवाला

सर माझं दुकान आहे रिपेरिंगचं, या विषयात मी दोन्ही बाजूनी पैसे कमवतो. बाप येतेत लॉक लावून द्या म्हणून आणि पोरं येतेत लॉक काढून द्या म्हणून. पोरांचं काम मी करत नाही पण दुसरं कोणीतरी करतं, म्हणून आधीच सांगतो, नुसत्या लॉकवर भरवसा ठेवू नका. कॅल्क्युलेटर दिसतं आणि आत फोटो-व्हिडिओ लपवलेले असतेत असले ॲप येतेत. काही कंपन्यांच्या फोनमध्ये तर एकाच फोनात दुसरा फोन उघडता येतो, वेगळा पासवर्ड टाकला की वेगळी स्क्रीन. घरचे बघतेत ती स्क्रीन देवासारखी साफ. जेवढी जबरदस्ती जास्त तेवढे पोरं यात हुशार व्हायलेत, हे मी दुकानात बसून बघायलोय.

तरी कामाच्या सेटिंगा हायेत आणि त्या पोराला शेजारी बसवून लावल्या तर टिकतेत. कामून म्हणाल तर त्याला माहीत असतं काय लावलं आणि कशासाठी.

सगळ्या नव्या अँड्रॉइड फोनात सेटिंगमध्ये 'डिजिटल वेलबीइंग' म्हणून असतं. ते उघडा आणि आधी फक्त बघा, काल कोणत्या ॲपवर किती वेळ गेला. आणि पहिलं स्वतःचं उघडा पालक लोकहो! माझ्याकडं एक गिऱ्हाईक पोराची तक्रार घेऊन आला होता, म्हणलं तुमचं बघू, तर त्याचं फेसबुक पोराच्या इन्स्टाच्या वर. गप चहा पिऊन गेला. तिथंच ॲपला टायमर लागतो, वेळ संपली की ते ॲप त्या दिवसापुरतं बंद. पोरगं स्वतः तो टायमर काढू शकतं, पण काढायला सेटिंगमध्ये जावं लागतं, तेवढ्यात कधी कधी भानावर येतं.

यूट्यूबला दोन गोष्टी करा. एक व्हिडिओ संपला की दुसरा आपोआप लागतो ते ऑटोप्ले बंद करा. आणि वॉच हिस्ट्री पुसून बंद करून टाका, मग होम पेज रिकामं दिसतं, ज्याला जे पाहिजे ते त्यानं शोधून बघायचं. रसायनशास्त्राचा धडा बघायला गेला आणि कुस्त्या बघत बसला असं होतंय ना, ते बरंच कमी होतं.

बारक्या लेकरांचा फोन असंल तर गूगलचं 'फॅमिली लिंक' हाये, बापाच्या फोनवरून वेळ ठरवता येते, रात्री बंद करता येतो, नवीन ॲप टाकायचं म्हणलं की बापाला विचारणा येते. पण पोराचं खातं खऱ्या जन्मतारखेनं काढलेलं पाहिजे. इन्स्टाचं पण तसंच. भारतात फेब्रुवारी २०२५ पासून टीन अकाउंट आलंय, १८ च्या आतल्यांचं खातं आपोआप प्रायव्हेट, रात्री १० ते सकाळी ७ नोटिफिकेशन गप्प, आणि १६ च्या आतल्यांना हे सैल करायचं असलं तर आईबापाची परवानगी लागते. सगळं चांगलं हाये पण आमच्याकडं पोरांनी जन्मसाल १९९९ टाकलेलं असतं. काही जणांचं तर खातं काढताना बापानंच टाकलेलं.

लातूर_अकरावी

सर मी अकरावीला आहे, नीटची तयारी, लातूरला रूम करून राहतो चार जण. मूळचा अहमदपूरकडचा. इथं मोठी माणसंच बोलायलीत म्हणून म्हणलं आपण पण लिहावं.

तुम्हाला वाटतं आम्हाला कळत नाही का. कळतं. रात्री दोनला फोन ठेवताना आम्हालाच लै खराब वाटतं, सकाळी क्लासला डोळे उघडत नाहीत. पण घरून फोन आला की पहिलाच प्रश्न, मोबाईल बघायलास का अभ्यास करायलास. यावर खरं उत्तर दिलं की अर्धा तास भाषण, म्हणून सगळे खोटंच सांगतात. माझे वडील वेगळं विचारतात, जेवलास का, टेस्टला काय अवघड गेलं. त्यांना मग मी आपोआपच सांगतो की काल फोन जास्त झाला.

काही पालक स्मार्टफोन घेऊन साधा बटनाचा फोन देतात. त्यात पण अडचण आहे, टेस्टचे मार्क ग्रुपवर, डाउटचं सोल्युशन ग्रुपवर, क्लासची वेळ बदलली ते पण ग्रुपवर. ज्याच्याकडं साधा फोन आहे तो दिवसभर दुसऱ्याचा मागत फिरतो आणि दुसऱ्याच्या फोनवर माणूस जास्तच बघतो हे पण सांगून ठेवतो. बटनाचा फोन ज्यानं स्वतः मागून घेतला त्यांचं चांगलं चाललंय. माझा एक रूममेट आहे तसा, त्यानं ठरवून घेतला आणि टेस्टचं सगळं आम्ही त्याला सांगतो.

आम्ही रूमवर काय करतो तर बसायच्या टायमाला सगळ्यांचे फोन एका स्टीलच्या डब्यात, डबा माळ्यावर. जो आधी काढंल त्यानं सगळ्यांना चहा पाजायचा, पोह्यासकट. ही शिक्षा आहे का सर? असली तरी चालते, कारण चहा सगळेच पितेत.

आणि एक, मार्कांचा दिवस असतो तेव्हा सगळ्यात जास्त रील बघितली जाते. कमी पडले की रूमवर कुणाशी बोलावं वाटत नाही, मग तेच. त्या दिवशी घरच्यांनी फोन बघू नको म्हणण्यापेक्षा स्वतः फोन करून दुसरंच काही बोलावं, म्हैस व्यायली का, पाऊस झाला का. लै बरं वाटतं.

आशाताई_गंगाखेड

या पोराचं "तुम्हाला वाटतं आम्हाला कळत नाही का. कळतं." हे सभेत जसंच्या तसं वाचून दाखवा सर.

मी गावात आशा म्हणून काम करते, घरोघर जाणं असतं. मुलांचं बोलणं चाललंय, मी मुलींचं सांगते. मुलाचा फोन काढून घेतला तर तो चिडतो, दोन दिवस जेवत नाही, संपलं. मुलीच्या फोनवर एक मेसेज सापडला तर तिचा फोन जातो, मग क्लास जातो, मग "आता घरीच बसू दे" आणि उन्हाळ्यात स्थळं बघायला सुरुवात. आपल्या भागात हे नवीन नाही. त्यामुळं मुलगी काहीही झालं तरी घरात सांगत नाही.

आणि होतं काय ते ऐका. कुणीतरी ओळख काढतो, गोड बोलतो, फोटो मागतो, नाहीतर इन्स्टावरचा साधा फोटो उचलून त्याचं भलतंच काहीतरी बनवतो आणि मग धमकी, बोलली नाहीस तर गावच्या ग्रुपवर टाकीन. या मुलीला पहिली भीती त्या पोराची नसते हो, घरच्यांची असते. अशीच एकजण माझ्याकडं रक्ताच्या गोळ्या न्यायच्या निमित्तानं आली, गोळ्या हातात घेतल्या तरी दारातून हलेना. "ताई मम्मीला सांगू नका" पासून सुरुवात. तिनं पैंजण मोडून पैसे दिले होते त्याला, आणि फोन जाईल एवढ्या एका भीतीनं सगळं पोटात ठेवलं होतं.

म्हणून माझी विनंती आहे, सभेत आईबापांकडून एकच वाक्य म्हणवून घ्या आणि घरी मुलीला जाऊन सांगायला लावा, "काही झालं तर आधी मला सांग, तुझा फोन घेणार नाही आणि शाळा बंद करणार नाही." हे वाक्य पाळलं पाहिजे, नाहीतर पुढच्या वेळी ती सांगणारच नाही. आणि असं काही आलं तर चॅट पुसायचं नाही, स्क्रीनशॉट ठेवायचे, पैसे द्यायचे नाहीत. १०९८ ही मुलांसाठीची हेल्पलाइन आहे, पैसे गेले असतील तर १९३० ला लगेच फोन, जेवढ्या लवकर तेवढे पैसे अडवता येतात. हे दोन्ही नंबर फळ्यावर मोठे लिहा.

खडूफळा

ताई हे माझ्या डोक्यातच नव्हतं. सभेला वडील येतात, आया मागं बसतात, तुम्ही म्हणता ते वाक्य आयांना पण म्हणता येईल अशी बसायची व्यवस्था बदलतो.

शांतपणे_ऐका (छत्रपती संभाजीनगर)

मी समुपदेशक आहे, किशोरवयीन मुलंच जास्त येतात. वर बरंच चांगलं आलंय, त्यात थोडी भर घालते.

सगळ्यात आधी झोप. १३ ते १८ वयाला ८ ते १० तास झोप लागते आणि आपल्याकडं पहाटेची ट्यूशन असली की ती आधीच तुटते. त्यामुळं पालकांना एकच गोष्ट करायची ताकद असेल तर दिवसाचे तास मोजत बसू नका, रात्रीचा फोन तेवढा सांभाळा. परभणीच्या ताईंचा बोर्ड म्हणूनच कामाचा आहे. अपुऱ्या झोपेचं पोरगं चिडचिडं होतं, चिडचिडीवरून भांडण, भांडणावरून परत फोन, हे चक्र मी रोज बघते आणि त्यातला सगळ्यात सोपा सुटणारा धागा झोपेचा असतो.

दुसरं, चोरून चॅट वाचणं. पालक अभिमानानं सांगतात, त्याला माहीत नाही पण मी सगळं बघतो. एक दिवस त्याला कळतं, आणि त्या दिवसापासून तो घरात पाहुण्यासारखा राहायला लागतो. बघायचं असेल तर सांगून बघा.

परभणीची_सूनबाई

मॅडम मी बघते, आणि बघणार. पण त्याला माहीत आहे की बघते. चौदा वर्षाच्या पोराला सगळं मोकळं सोडायची माझी तयारी नाही.

शांतपणे_ऐका

ताई, माहीत आहे ना त्याला, मग माझं काही भांडण नाही. वय वाढेल तसं कमी करत जा एवढंच म्हणेन, अकरावीला तो रूम करून राहील तेव्हा तुम्ही कुठून बघणार.

तिसरं, प्रत्येक जास्त वापर म्हणजे व्यसन असं म्हणू नका, पोरांसमोर तर नकोच. जागतिक आरोग्य संघटनेच्या आजारांच्या यादीत 'गेमिंग डिसऑर्डर' आहे, आयसीडी-११ मध्ये, पण तिथं स्वतःवर ताबा न राहणं, बाकी सगळं सोडून गेमच पुढं येणं, नुकसान दिसत असूनही चालूच राहणं हे साधारण वर्षभर दिसलं पाहिजे असं म्हटलंय. परीक्षेनंतर आठवडाभर दिवसरात्र खेळणारं पोरगं त्यात बसत नाही. पण शाळेत जाणंच थांबलं, आंघोळ-जेवण सुटलं, घरातून पैसे जायला लागले, फोन मागितला की वस्तू फेकतो, किंवा मरायची भाषा करतो, तर मात्र वाट बघू नका. टेलिमानस ही सरकारची मानसिक आरोग्याची हेल्पलाइन आहे, १४४१६, फुकट आहे, चोवीस तास, मराठीत बोलता येतं. जिल्हा रुग्णालयात मनोविकार तज्ज्ञांना दाखवता येतं. आणि मरायची भाषा केली तर "नाटकं करतो" म्हणून सोडायचं नाही, त्या रात्री त्याला एकटं ठेवायचं नाही.

मुरूमचा_पाहुणा

आमच्या उमरगा तालुक्यात जकेकूरवाडीनं २०२२ ला केलं होतं, संध्याकाळी सायरन वाजला की ६ ते ८ पोरांचा मोबाईल-टीव्ही बंद. त्याच्या आधी त्याच वर्षी सांगलीकडं मोहित्यांचे वडगावनं सुरू केलं होतं, ७ ते साडेआठ. पुसद तालुक्यात बान्सी गावानं तर ग्रामसभेत १८ च्या आतल्यांना मोबाईलच बंद असा ठराव घेतला. मला विचाराल तर सायरनचं पटतं, बंदीचं नाही. सायरनमध्ये एकट्या पोराला "मीच कामून" वाटत नाही, सगळ्या गल्लीचा एकच टाइम, ग्रुपवर पण कुणी नसतं मग चुकतंय काय? अख्खं गाव नाही जमलं तर आळीतली पाच घरं जमतील. फक्त त्या टायमाला मोठ्यांनी सिरियल लावायची नाही, तिथंच सगळं फिसकटतं.

धारूरचा_मामा

सर तुम्ही ऊसतोडीचं लिहिलं म्हणून लिहितो. माझी बहीण-दाजी कोयत्यावर आहेत, दिवाळीनंतर जातेत ते उन्हाळा लागल्यावर येतेत. भाची-भाचा आजीपाशी. तुम्ही सभेत रात्री नऊला फोन बंद म्हणताल, पण बहिणीचा फोन नऊनंतरच येतो. गाडी भरून झाली, कोपीवर, म्हणजे तिथल्या झोपडीवर येऊन भाकरी टाकली की मग. कधी दहा वाजतेत, कधी येतच नाही. लेकरं त्यासाठी फोन घेऊन बसतेत आणि वाट बघता बघता रील लावतेत. आजीला फोनमधलं काही कळत नाही, तिला फक्त वाजला की हिरवं बटन माहीत.

आम्ही काय केलं, जुना बटनाचा फोन आजीच्या कमरेच्या पिशवीत दिला. आईचा फोन त्याच्यावरच येणार. स्मार्टफोन माझ्याकडं, अभ्यासाला घेऊन जातेत सातपर्यंत, मग माझ्या घरी आणून देतेत. व्हिडिओ कॉल पाहिजे असला तर रविवारी बहिणीला सुट्टी मिळाली की. भाचा आधी चिडला, म्हणला मामा माझ्यावर भरोसा नाही का. म्हणलं भरोसा आहे रे, पण तुझ्या आईचा फोन आला आणि तू गेममध्ये होतास म्हणून कट केला, ती रात्रभर झोपली नव्हती. त्याला ते माहीतच नव्हतं. त्यानंतर काही बोलला नाही. म्हणून सर नियम सांगताना म्हणा, तुमच्या घरात फोन कशाला लागतो ते आधी बघा आणि मग टाइम ठरवा.

खडूफळा

मामा, हे ऐकून मी नऊचा आकडाच काढून टाकला. टाइम घरानं ठरवायचा.

आता सभेचं असं ठरवलंय. भाषण नाही. पालक-पोरगं शेजारी बसवायचे, कोरा कागद द्यायचा, घरात फोन कशाला लागतो ते दोघांनी मिळून लिहायचं, मग रात्री फोन कुठं राहील आणि आईबापाचा कुठं राहील. सह्या दोघांच्या. ज्यांचे आईबाप तोडीला गेलेत त्यांच्या आजी नाहीतर मामा. आशाताईंचं वाक्य मी नाही, आमच्या बाई म्हणवून घेतील. नंबर फळ्यावर. आबांचा मैदानाचा प्रश्न पण घेतोय, शाळेचं मैदान संध्याकाळी सातपर्यंत उघडं ठेवा म्हणून हेडसरांच्या मागं लागलोय, किल्ली कुणाकडं राहणार यावर अडलंय.

फक्त त्या सेटिंगांचं मला स्वतःलाच नीट जमत नाही. वॉच हिस्ट्री शोधत बसलो काल, सापडली नाही.

सेलूचा_मोबाईलवाला

यूट्यूबमध्ये खाली तुमच्या फोटोवर दाबा, सेटिंग, तिथं हिस्ट्रीचं दिसंल. राहू द्या, मीच येतो, रविवारी दुपारनंतर दुकान बंदच असतं. सेलूहून जिंतूर काय लांब नाही. फक्त पालकांना आधी निरोप द्या, गूगलचा पासवर्ड आठवून या म्हणावं. निम्म्यांना तो माहीत नसतो, पोरालाच विचारावा लागतो.